दूध आणि तिसऱ्या

रविवारी आमच्या घरी आलेल्या माणसाला कोरा चहा मिळे. बेळगावच्या वडगावातल्या आमच्या गल्लीत हे सगळ्यांना ठाऊक होतं आणि त्याचं कुणी वाईट वाटून घेत नसे. रविवारी आमच्याकडे मासे असत, आणि मासे शिजले त्या दिवशी दुधाला हात लावायचा नाही, असा आईचा नियम होता. सकाळी आलेलं दूध ती तापवून, वर जाळीचं झाकण घालून, सगळ्यात उंच फळीवर ठेवी. मासे घराबाहेर, परड्यातल्या चुलीवर शिजत. माशांचं पातेलं वेगळं, पळी वेगळी, विळी वेगळी. परड्यातून स्वयंपाकघरात येताना आई हात राखेनं घासून धुवी आणि मग ते हुंगून बघे. हुंगल्यावर समाधान झालं नाही तर पुन्हा राख. शेजारच्या गौरक्का घरात कन्नड बोलणाऱ्या, मासे-मटण न शिवणाऱ्या. पण रविवारी दुपारी त्या आमच्याकडे येत आणि कोरा चहा पीत. मासे परड्यात, चहा आत, एवढं अंतर त्यांना पुरे होतं. चहा तोंडाला लावताना मात्र दर वेळी म्हणत, "अय्यो सावित्री, औषध देतीस का चहा देतीस?"

घर वडगावातल्या बहुतेक विणकरांच्या घरांसारखं होतं. रस्त्याकडच्या मोठ्या खोलीत दोन माग, त्यामागे स्वयंपाकघर, त्यामागे परडं. झोपायची खोली अशी नव्हती; जिथे जागा सापडेल तिथे अंथरूण पडे. माग चालू असले की जमीन हलल्यासारखी वाटे, फळीवरची भांडी एकमेकांना हलकेच लागून वाजत राहत आणि बोलायचं तर ओरडावं लागे. आमच्या घरातली सगळी माणसं त्यामुळे कायमची मोठ्यानं बोलणारी झाली. पुढे वर्तमानपत्राच्या कचेरीत मी पहिल्यांदा बेंगळूरला फोन लावला, तेव्हा पलीकडच्या टेबलावरून कुणीतरी म्हणालं होतं, बाई, तुम्हाला फोन कशाला हवा. मागाचा आवाज कानाला लागत नसे. तो थांबला की मात्र सगळ्यांच्या माना वर होत. वीज गेली, धागा तुटला, की कुणी आलं? आवाज थांबणं ही आमच्या घरातली बातमी होती.

आप्पा, म्हणजे आमचे वडील, दिवसभर मागावर असत. आई कांड्या भरी, सुताला लावायची खळ शिजवी, आणि उरलेल्या वेळात बाकीचं सगळं करी. आम्ही दोघी बहिणी. थोरली सुनंदा, तिला घरात आणि गल्लीतही आक्काच म्हणत, आप्पासुद्धा. मी धाकटी.

आक्काच्या उजव्या मनगटावर, आतल्या बाजूला, कोड होतं. ती शाळकरी असताना ते दिसलं तेव्हा चिंचोक्याएवढं होतं. मी ज्या काळाबद्दल लिहिते आहे त्या काळात ते तळहाताच्या मुळापर्यंत आलं होतं. कारण घरात सगळ्यांना माहीत होतं. आक्का लहान असताना एका रविवारी मासे खाऊन, वर फळीवरचं दूध चोरून प्यायली होती. ही गोष्ट कुणी रागानं सांगत नसे. पाहुण्यांना, वैद्याला, लग्न ठरवणाऱ्या मध्यस्थाला, जिथे लागेल तिथे ती सांगितली जाई, जसं एखाद्या माणसाचं गाव सांगतात. खानापूरच्या एका वैद्यानं आक्काचे मासे बंद केले. मग दही बंद झालं, मग लिंबू. बावचीचं तेल मनगटाला लावून तिला परड्यात उन्हात बसवत. तेलानं कातडी भाजे, फोड येत, फोड गेले की पांढरा डाग आपल्या जागी असे. रविवारी आम्ही परड्याजवळ मासे जेवायचो आणि आक्का पुढच्या खोलीत, बंद मागाच्या शेजारी, आमटी-भाकरी घेऊन बसायची. तिनं त्याबद्दल कधी कुरकूर केली नाही. चोरीची शिक्षा असते आणि ती भोगायची असते, इतक्या सरळपणे तिनं ते घेतलं होतं.

निपाणीहून एकदा तिला बघायला पाहुणे आले. मुलाच्या वडिलांची तंबाखूची वखार होती. माणसं घरात आली तशी त्यांच्या कपड्यांना तो उग्र गोडसर वास होता आणि ती गेल्यावरही माग असलेल्या खोलीत तो बराच वेळ राहिला. आक्कानं पोह्यांची बशी पुढे केली तेव्हा बांगड्या मागे सरकल्या. मुलाच्या आईनं मनगट बघितलं, बशी घेतली, पोहे चांगले झालेत म्हणाली. कळवतो म्हणून गेले ते गेलेच. आक्का त्या संध्याकाळी बशा विसळताना मला म्हणाली, "पोहे खाल्ले की सगळे. बशा बघ, चाटूनपुसून." आणि हसली. ती हसली म्हणून मीही हसले.

त्यानंतर तिनं हॉटेलच्या स्वयंपाकाचा कोर्स धरला. बेळगावात तेव्हा असा एक वर्ग नव्यानं निघाला होता आणि तिथे मुली थोड्याच होत्या. शिकवायला एक गोव्याकडच्या बाई होत्या. त्यांना सगळे मॅडम म्हणत. आक्का रोज वडगावातून बसनं जायची आणि संध्याकाळी परत आल्यावर दिवसभर काय शिजलं ते सांगायची. तिला हे काम आवडत होतं हे समजायला फार काही लागत नव्हतं. आवाज मागाच्या वर जायचा. कोर्स संपत आला तेव्हा मॅडमनी तिच्यासाठी गोव्यातल्या एका हॉटेलात शब्द टाकला. जूनपासून भटारखान्यात उमेदवारी, राहायची सोय हॉटेलचीच, मुलींच्या खोलीत. आप्पा म्हणाले, "तुझी आई हो म्हणाली तर जा." आई जवळजवळ हो म्हणाली होती. मुलीनं परगावी राहायचं, गोव्यात राहायचं, हॉटेलात काम करायचं, हे सगळं तिनं एकेक करून गिळलं होतं. मग एके दिवशी जेवताना आक्का सहज बोलून गेली की तिथे तिला चाउडर करावं लागेल.

"ते काय असतं?" आई म्हणाली.

"तिसऱ्यांचं दाट सूप गं. बटाटा, कांदा, लोणी घालून करतात. आणि दूध."

आईनं हातातला घास ताटात ठेवला. "तिसऱ्या आणि दूध?"

"एकत्रच शिजवतात."

"आणि तू ते खाणार?"

"चव बघावी लागते की. न बघता कसं वाढायचं?"

"मग जायचं न्हाय," आई म्हणाली, आणि ताट घेऊन उठली.

त्यानंतरचे काही दिवस घरात कुणी तो विषय काढला नाही. पण दुसरा कुठला विषयही नीट चालेना. आक्कानं मॅडमना नाही म्हणून कळवलं नव्हतं, हो म्हणूनही नाही. शेवटी तीच एका सकाळी आईसमोर जाऊन उभी राहिली. आई खळ ढवळत होती. "मी ते एकदा घरात करते. तुझ्या डोळ्यांपुढं करते आणि खाते. मग तू न्हाय म्हण, मी जात न्हाय." आई खळ ढवळत राहिली. आप्पांनी मागावरून मान वर करून विचारलं, काय म्हणतीय पोरगी? आक्कानं पुन्हा ओरडून सांगितलं. आप्पा म्हणाले, "करू दे की गं. परड्यात करंल."

"माझ्या पातेल्यात न्हाय," आई म्हणाली. हो म्हणण्याची तिची ती पद्धत होती.

आक्कानं पातेलं मॅडमकडून आणलं. तिसऱ्या, म्हणजे खाडीतल्या शिंपल्या, आणायला आम्ही दोघी कॅम्पातल्या मासळीबाजारात गेलो. गोव्याहून आणि कारवारहून टेम्पो येत. तिसऱ्या विकणाऱ्या बाया बाहेरच्या बाजूला पोत्यावर वाटे लावून बसत. आक्कानं एकेक तिसरी दुसरीवर आपटून बघितली. बंद होईल ती जिवंत, उघडी राहील ती टाकायची. विकणारी बाई वैतागली. "बाय, लग्न लावतंस की काय तिचें?" आक्का म्हणाली, "माझंच जमंना, तिचं कुठलं लावू?" बाईनं तिच्याकडे बघितलं, मनगटाकडे बघितलं, आणि वाट्यावर आणखी एक मूठ टाकली.

घरी आल्यावर तिसऱ्या मिठाच्या पाण्यात घातल्या. थोड्या वेळानं त्या जिभा बाहेर काढून वाळू थुंकायला लागल्या. त्या दिवशी रविवार नव्हता. माग चालू होते. आई परड्यातल्या दगडावर आमच्याकडे पाठ करून तांदूळ निवडत बसली होती. तांदूळ निवडलेलेच होते. गौरक्कांनी वास घेतला आणि भिंतीवरून डोकं वर काढलं. "आज बुधवारचं काय गं हे?" मी म्हणाले, आक्का हॉटेलचं करतीय. "त्यात काय काय?" मी सांगितलं. त्यांनी पदर तोंडाला लावला. "हालु आणि मीनु? दूध आणि मासं एका भांड्यात? सिवा सिवा!" पण डोकं काही खाली गेलं नाही.

आक्काचं काम मी पहिल्यांदाच जवळून बघत होते. घरात ती भाकऱ्या थापायची तेव्हा इतर कुणासारखीच दिसायची. इथे ती वेगळी होती. तिनं तिसऱ्या थोड्या पाण्यात वाफवल्या. त्या उघडल्या तशा काढल्या, मांस एका वाटीत झाकून ठेवलं. न उघडलेल्या फेकल्या. तिसऱ्यांचं सुटलेलं पाणी मागावरच्या पातळ कापडातून गाळलं, कारण तळाला वाळू राहते. मग लोण्यात कांदा, अगदी मंद, रंग न येऊ देता. मॅडमच्या कृतीत यात आधी डुकराच्या चरबीचा तुकडा होता. तो शब्द आक्कानं घरात उच्चारला नाही. कुठलीशी विलायती भाजीही होती, ती बेळगावात मिळत नव्हती, म्हणून कोथिंबिरीचे देठ. कांद्यावर मैदा, तो परतून त्यावर गाळलेलं पाणी थोडं थोडं, गुठळी होऊ न देता. हे तिला शिकवावं लागलं नसणार. घरात खळ शिजवताना पळी कशी फिरवायची ते आम्हा दोघींच्या हाताला लहानपणापासून माहीत होतं. मग बेळगावचे बटाटे, बारीक फोडी करून. वास चांगला सुटला होता. आईची पाठ तशीच होती.

बटाटे शिजत आले तेव्हा आक्का दूध आणायला आत गेली आणि मी तिच्या मागे साय आणायला गेले. दोन भांडी घेऊन आम्ही बाहेर आलो. आमच्या घरातलं दूध परड्याचा उंबरा ओलांडून चुलीपाशी गेल्याचं मी तेव्हाच पहिल्यांदा पाहिलं. आई आता दगडावर नव्हती. चुलीपाशी उभी होती. आक्कानं चुलीतली लाकडं मागे ओढली, आच कमी केली आणि दूध ओतलं.

दूध फाटलं. आधी कडेनं बारीक कण दिसले, मग सगळ्या पातेल्यात पांढऱ्या चिंध्या आणि त्यामधून पिवळट पाणी. आक्का पळी हातात धरून बघत राहिली. भिंतीवरून गौरक्का म्हणाल्या, "दूध फाटलं की गं सावित्री. देवाला नको हाय ते." त्यांच्या आवाजात आनंद नव्हता, पण खात्री होती. मला तेव्हा वाटलं, संपलं. आक्का जूनमध्ये गोव्याला जाणार नाही, पुढे कधीच जाणार नाही, आणि मागाजवळ बसून आमटी-भाकरी खाईल. आजही तो क्षण आठवला की मला आधी त्या पाण्याचा रंग आठवतो, कारण त्या रंगातच काहीतरी चुकलेलं होतं. पिवळ्यात किंचित गुलाबी झाक होती.

आक्कालाही ती दिसली. तिनं पळी तळापर्यंत घातली आणि वर काढली. पळीत बटाट्याच्या दोन फोडी होत्या आणि त्यांच्यामध्ये फुगलेलं, काळपट जांभळं आमसूल.

"हे कुणी घातलं?" आक्का म्हणाली. तिनं माझ्याकडे बघितलं, मी मान हलवली. मग आम्ही दोघींनी आईकडे बघितलं.

"माशात आमसूल लागतं," आई म्हणाली.

"आई, यात न्हाय लागत. आंबट पडलं की दूध फाटतंय, तुला ठाऊक हाय की."

"आमसुलानं बाधा मरते." आईचा आवाज बारीक झाला होता. "तू खाणारच म्हणालीस. म्हटलं, निदान एवढं तरी पोटात जाऊ दे."

"मला काय व्हायचं ते झालंय गं. लहानपणी चोरून प्याले, त्याचं भोगतेय. आता आणि काय व्हायचंय?"

आई एकदम खाली बसली, चुलीसमोर, जमिनीवर. पुढचं तिनं मागाच्या आवाजात सांगितलं, आणि तरी ओरडली नाही, म्हणून आम्हा दोघींना तिच्याजवळ वाकावं लागलं. "तू चोरून प्याली न्हाईस. मी दिलतं. ताप होता तुला. दुपारी बांगड्याचा रस्सा-भात खाल्लावतास थोडा, मग झोपलीस. दिवा लावायच्या वक्ताला उठलीस आणि म्हणालीस, आई, भूक. अंग नुसतं भाजत होतं. घरात दुसरं काय न्हवतं गं. पेलाभर दूध दिलं, साखर घालून. मग ते डाग आलं. तुमच्या आज्जीनं विचारलं, माशाच्या दिवशी पोरीला दूध कुणी दिलं? मी गप बसले. त्यांनीच म्हटलं, पोरीनं चोरून घेतलं असंल. मी न्हाय म्हटलं न्हाय."

आक्का वाकलेली होती, ती तशीच चवड्यांवर बसली. मी तिच्या रागाची वाट बघत होते. ती म्हणाली, "मला आठवायचंच न्हाय. मी लई आठवून बघायची. फळीवर कशी चढले, पेला कुठला घेतला. काहीच आठवायचं न्हाय. मला वाटायचं, चोर असतात त्यांना आठवत नसंल."

आईनं तिचं मनगट धरलं, डाग असलेलं, आणि सोडलं नाही.

मग माग थांबले. आधी एक, मग दुसरा. फळीवरची भांडी वाजायची थांबली. आप्पा परड्याच्या दारात आले, हाताला सूत चिकटलेलं. त्यांनी किती ऐकलं होतं मला माहीत नाही. आईनं ही गोष्ट त्यांना आधी कधी सांगितली होती का, तेही मी पुढे विचारलं नाही. त्यांनी पातेल्यात बघितलं. "किती दूध लागंल?" आक्काचा हात अजून आईच्या हातात होता. "अगं, किती लागंल? परत कर. तिसऱ्या हायत का उरलेल्या?" तिसऱ्यांचं मांस वाटीत झाकलेलं होतं, ते सगळ्यात शेवटी घालायचं असतं, नाहीतर रबरासारखं होतं. गाळलेलं थोडं पाणीही शिल्लक होतं. आप्पांनी किटली घेतली आणि ते भर दुपारी, माग बंद ठेवून, चपला न घालता दूध आणायला गेले. भिंतीपलीकडून गौरक्कांना आईचं रडणं दिसलं होतं. त्या म्हणाल्या, "सावित्री, रडू नको गं. आमच्यात कुठं मासं खातात? माझ्या भावाला न्हाय का कोड?" आणि त्यांचं डोकं खाली गेलं. ही गोष्ट त्यांना आजवर का सुचली नाही, कुणास ठाऊक. आम्हालाही सुचली नव्हती.

दुसऱ्यांदा केलेलं चाउडर फाटलं नाही. पांढरं, दाट, वर मिरपूड, चमच्याला धरून राहील असं झालं. आप्पांनी वाटीत बघून विचारलं, "ह्याला खीर म्हणायचं का रस्सा?" आक्कानं पहिली वाटी स्वतःसाठी भरली होती. ती तोंडाला लावणार तोच आईनं हात पुढे केला. "आधी मी."

"आई, तू कशाला?"

"दे म्हणते न्हवं." आईनं वाटी घेतली. डोळे मिटून, औषध घ्यावं तसा पहिला चमचा घेतला. मग डोळे उघडले आणि वाटी संपेपर्यंत मान वर केली नाही. संपल्यावर म्हणाली, "मला काय झालं, तर जायचं न्हाय. न्हाय झालं तर जा. तोवर तू ह्याला हात लावायचा न्हाय."

"कसं झालंय ते तरी सांग."

"मीठ कमी हाय," आई म्हणाली.

तो सगळा उन्हाळा आई स्वतःचे हात बघत राहिली. सकाळी ऊन परड्यात आलं की भिंतीपाशी उभी राहून पदर सारून दंड, कोपर, मनगटं बघायची. माझ्याकडून पाठ बघून घ्यायची. गौरक्कांना भिंतीपाशी बोलवून विचारायची, "बघ गं, इथं काय दिसतंय का?" गौरक्का चष्मा लावून बघायच्या आणि म्हणायच्या, "म्हातारी होत आलीस, तेवढंच दिसतंय." एकदा आई धावत आत आली, कोपर पुढे केलेलं, चेहऱ्यावर रंग नव्हता. कोपरावर नाण्याएवढा पांढरा डाग होता. आक्कानं बघितलं, उठली, तांब्याभर पाणी घेतलं आणि कोपरावर ओतून अंगठ्यानं चोळलं. वाळलेली खळ होती. डाग पाण्याबरोबर गेला. आप्पा इतके हसले की मागावरचा धागा तुटला. आई हसली नाही; तिनं कोपर पदरानं पुसलं आणि पुन्हा उन्हात धरून बघितलं.

कोड आणि दूध-मासे यांचा काही संबंध नाही, हे आता कुठलाही त्वचेचा डॉक्टर सांगेल. मी उपसंपादक म्हणून नोकरी केली तेवढ्या काळात आरोग्याच्या पानावर हा समज सांगणारा मजकूर अनेकदा टेबलावर आला. मी तो दर वेळी काढून टाकला आणि का काढला हे कुणाला सांगितलं नाही. आक्काचं कोड त्या उन्हाळ्यानंतर थांबलं नाही, पळालंही नाही. ते आपल्या चालीनं वाढत गेलं, ती मासे खात होती त्या वर्षांत आणि खात नव्हती त्या वर्षांतही. आज तिचे दोन्ही हात कोपरापर्यंत पांढरे आहेत. तिनं गोव्यातच उभा जन्म भटारखान्यात काढला, हाताखाली माणसं तयार केली, निवृत्त झाली. चाउडर अजून करते, कोथिंबिरीचे देठ घालूनच. गेल्या महिन्यात मी तिच्याकडे गेले होते तेव्हा तिनं केलं होतं. मीठ कमी होतं. मी तसं म्हणाले, तर ती म्हणाली, मुद्दामच ठेवते.

पण मला त्या मे महिन्यातल्या शेवटच्या रविवाराबद्दल लिहायचं आहे. आक्का दुसऱ्या दिवशी सकाळच्या बसनं जाणार होती. ट्रंक भरून पुढच्या खोलीत मागाशेजारी ठेवली होती. आईचे हात, पाय, पाठ सगळं होतं तसं होतं. तिनं त्याबद्दल एक शब्द काढला नव्हता. फक्त आदल्या दिवशी आक्काच्या ट्रंकेत लोणच्याची बरणी कापडात गुंडाळून ठेवली होती, त्यावरून आम्हाला निर्णय कळला. त्या दिवशी बांगडे आणले होते. आईनं परड्यात रस्सा केला आणि पाच-सहा वर्षांचं पोर असल्यासारखं आक्काला शेजारी बसवून भातावर वाढला. आक्का आमच्याबरोबर मासे जेवली. काटे काढायची सवय गेली होती. आप्पा आपल्या ताटातून काढून देत होते.

संध्याकाळी, दिवा लावायच्या वेळी, आई स्वयंपाकघरात उंच फळीपाशी गेली. जाळीचं झाकण काढलं, दूध गरम केलं, पेल्यात ओतलं आणि साखर घातली. आक्का ट्रंकेला कुलूप घालत होती. आई तिच्यासमोर जाऊन उभी राहिली. आप्पा तिथेच बसले होते, मी होते. आई मोठ्यानं म्हणाली, माग बंद असूनही मागाच्या वर जाईल इतक्या मोठ्यानं, "हे मी देतीय. सगळ्यांनी बघा. मी देतीय."

आक्कानं पेला घेतला.

"पी," आई म्हणाली.

आक्का उभ्या उभ्या सगळं दूध प्यायली. ओठावर साय राहिली होती, ती आईनं आपल्या पदरानं पुसली. आप्पा म्हणाले, "आमच्या चहात पण घाला की मग थोडं." आईनं पातेलं पुन्हा चुलीवर ठेवलं. चहा उकळत होता तोवर गौरक्का आल्या, आक्काला निरोप द्यायला, हातात फुटाण्यांची पुडी. दाराजवळ पाट ओढून बसल्या. आईनं त्यांच्यापुढे कप ठेवला. गौरक्कांनी कपात बघितलं, मग परड्याकडे बघितलं, जिथे बांगड्यांचं पातेलं अजून घासायचं पडलं होतं.

"सावित्री, आज ऐतवार न्हवं?"

"व्हय," आई म्हणाली. "पी."